काबुकीवाल्याचे खांदे

चहाचा घोट आधी गिळा, मग ऐका. नाहीतर तो माझ्या शर्टावर येईल. माती खाल्ली हो मी, आणि तीही थेट जपानी पाहुण्यांपुढे!

आमची नात सई जपानी शिकली आहे. बोरिवलीच्या नाट्यगृहात जपानची काबुकी नाटकवाली मंडळी आली, आणि त्यांची दुभाषी कोण? आमची सई! आयुष्यातलं पहिलं काम. चारकोपहून रिक्षात बसतानाच तिनं मला दम भरला, "आजोबा, आज कोणाची खेचायची नाही हं. माझी वाट लागेल."

"मी? मी कधी कोणाची खेचतो?"

रिक्षावालासुद्धा हसला. त्याची मी नुकतीच खेचली होती.

आता माझी लायकी ऐका. शाळा सातवीपर्यंत. पण मंडळाच्या दशावतारात तीस वर्षं बाईची कामं केली. स्त्रीपार्टी! दाढी घोटून, नऊवारी नेसून उभा राहिलो की मिलमधले गडी शिट्ट्या मारायचे. त्यामुळे बाईच्या वेषातला पुरुष मी शंभर फुटांवरून ओळखतो, असा माझा माज.

सई माईकवर सांगत होती. काबुकी म्हणे चारशे वर्षांपूर्वी एका बाईनंच सुरू केली. मग सरकारनं बायकांनाच स्टेजवरून हाकललं आणि पुरुष बायका व्हायला लागले. गुडघ्यांत कागद धरून चालायची तालीम करतात. कागद पडला की चाल चुकली! खांदे मागे ओढून खाली पाडतात, म्हणजे अंग नाजूक दिसतं.

मी मंदाला, म्हणजे आमच्या हिला, कोपरानं ढोसलं. "बघ, याला म्हणतात विद्या!"

"गप बसा ओ. पोरगी बोलतेय."

आणि मग 'ती' आली. पांढराशुभ्र चेहरा, लाल किमोनो. नवरा लढाईला निघालेला. फळीवर लाकडं कडाडली, ठक् ठक् ठक्, आणि तो दांडगा नवरा डोळे तिरळे करून जागच्या जागी थिजला. पण माझं लक्ष त्या लाल किमोनोवालीकडे. ही रडत नाही हो! नुसतं बाहीचं टोक दातांत धरते आणि मान वळवते. संपलं! माझ्या डोळ्यांना धार. म्हटलं, या कलावंताला भेटल्याशिवाय घरी जाणं नाही.

सई आयोजकांत अडकलेली. मी मंदाला ओढत रंगपटात शिरलो. आत दोघंच. एक टकला म्हातारा, बनियनवर, गळ्यात टॉवेल, हातात किटली. आणि दुसरं माणूस साध्या करड्या किमोनोत, कपड्यांच्या घड्या घालत बसलेलं. केस बारीक कापलेले, खांदे हे एवढे रुंद. विग काढलाय, रंग धुतलाय, दुसरं काय! हाच आपला गडी!

टकल्याला मी बोटांनी खूण केली, "दादा, दोन चहा." त्यानं वाकून ओतला. फार नजाकतीनं ओतला.

मग किमोनोवाल्याच्या खांद्यावर दिली एक थाप. "भाऊ! झकास! स्टेजवर खांदे लपवलेत, पण आता? अहो, पुरुषाचे ते पुरुषाचेच! मीपण तुमच्याच धंद्यातला!" वर रुमालाचा पदर घेऊन चार पावलं चालूनही दाखवलं.

तेवढ्यात सई आली आणि दारातच पांढरी पडली. "आजोबा! या त्यांच्या मिसेस आहेत!"

"कोणाच्या?"

सईनं किटलीकडे बोट केलं. टकल्यानं माझ्याकडे बघत टॉवेलचं टोक अलगद दातांत धरलं, आणि मान वळवली.

अरे देवा! तीच मान!

मी दोन्ही कान पकडले. बाईंना तो आमच्याकडचा नमस्कार वाटला. त्यांनीही हसून स्वतःचे कान पकडले. मग सईला काहीतरी विचारलं. एवढं मलाही कळलं, 'हे काय म्हणाले?'

खरं सांगितलं तर पोरीचं काम गेलं. सई हळूहळू जपानीत बोलली. बाईंचा घडी घालणारा हात थांबला. डोळे भरले. त्या माझ्यापुढे वाकल्या त्या बराच वेळ वर आल्याच नाहीत. आणि मग सईचे दोन्ही हात हातांत धरून बसल्या.

परतताना रिक्षात मी भीत भीत विचारलं, "काय सांगितलंस गं?"

"सांगितलं, आजोबा म्हणतात, स्टेजवरच्या त्या बाईत त्यांना तुम्ही दिसलात."

"मग?"

"त्या म्हणाल्या, चाळीस वर्षं हे मला बघून शिकतायत. मी चहा कसा ओतते, मान कशी वळवते. पण ते ओळखणारा माणूस आज पहिल्यांदा भेटला. उद्याही दुभाषी मीच हवी म्हणाल्या."

शेजारी मंदा बसलेली, पदर सावरत. पन्नास वर्षांचा संसार, आणि मला आज जाग आली!

"मंदा," मी म्हटलं, "अगं, स्टेजवर मीपण तुझीच चाल चालायचो. सगळ्या चाळीला सांगून ठेवलं होतं, ही आमच्या मंदाची चाल. तुलाच तेवढं सांगायचं राहिलं बघ."

मंदानं माझ्याकडे बघितलं.

"तरीच!" ती म्हणाली. "चाळीतल्या बायका मला सारख्या विचारायच्या, 'वहिनी, तुमचा पाय मुरगळलाय का हो?'"