यासीनचाचांची व्हॅन

चौघांनी मिळून जुनी गाडी घेतली की गाडी एकच असते, किस्से मात्र चाळीस होतात! आमचा ग्रुप आजही कुणाच्या मुलाच्या लग्नात भेटला की जेवणाच्या पंगतीत कुणीतरी हळूच म्हणतं, "ती व्हॅन आठवते का रे?" झालं! पुढचा तासभर वाढपी येतात नि जातात, आमचं ताटाकडे लक्ष नसतं. सगळ्यात मोठ्याने मी हसतो. मला हसणं भागच आहे. ते का, ते सांगायची मला अजून लाज वाटते, पण आता सांगून टाकतो.

नव्वदीतली गोष्ट. आम्ही चौघे जासईला एका क्लिअरिंग एजंटच्या ऑफिसात होतो. बंदरात उतरलेल्या मालाचे कस्टमचे कागद करायचे, हे आमचं काम. मी कदम. दुसरा जाधव, साताऱ्याकडचा, आवाजाने आणि अंगाने दणकट. तिसरे पेडणेकर, आमच्यात वयाने मोठे आणि स्वभावाने इतके घाबरट की लिफ्टमध्येसुद्धा कठडा शोधायचे. चौथ्या शीलाताई म्हात्रे, टायपिस्ट. आम्ही तिघे खांदेश्वरला राहायचो, शीलाताई नावड्याहून आमच्याकडे येऊन पुढे सोबत निघायच्या. खांदेश्वर ते जासई जायचं म्हणजे दोन वेळा जीप बदलायची आणि त्यातल्या एकीत तरी लटकायचं.

तेवढ्यात यासीनचाचांची व्हॅन समोर आली. चाचा उरणकडच्या एका गावातले. सौदीत पंधरा वर्षं ड्रायव्हर होते. परत येताना स्वतःची जपानी व्हॅन घेऊन आले. तिचे कागद आमच्याच ऑफिसातून झाले होते. आठ सीट, एसी, खिडक्यांना पडदे! गावात आल्यावर त्यांना एवढी मोठी गाडी नको झाली आणि त्यांनी विकायला काढली.

"कदम, तू बघून ये. तुला गाड्यांतलं कळतं," जाधव म्हणाला.

मला गाड्यांतलं एवढंच कळायचं की मामाचा टेम्पो होता आणि मी त्यात पुढे बसायचो. पण ऑफिसात मी बरीच फेकाफेक करून ठेवली होती. आता माघार कशी घेणार? गेलो.

*

चाचांच्या अंगणात मी टायरला लाथ मारली. का मारतात ते मला आजही माहीत नाही. मग चेहरा गंभीर करून विचारलं, "ॲव्हरेज काय देते?"

चाचा हसले. म्हणाले, "बसा कदमसाहेब. चा घ्या. मंग मी तुमाला चार गोष्टी सांगतो." आणि एकेक बोट उघडत त्यांनी खरोखर चार गोष्टी सांगितल्या.

पहिली, गाडी डाव्या स्टिअरिंगची आणि सरकतं दार उजवीकडे, म्हणजे भर रस्त्यात उघडणार. पुढे उजवीकडे बसणाऱ्याने आधी उतरायचं, मागचं बघायचं, मगच दार उघडायचं. दुसरी, टेम्परेचरचा काटा मेलेला आहे, त्यावर जायचं नाही. रोज पाणी बघायचं. तिसरी, दाराची कडी ढिली आहे. गाडीने झटका घेतला की दार मागे सरकतं, तेव्हा आतून दोरी बांधायची. चौथी घाटाची होती.

"चौघांनाबी सांगा हां," चाचा म्हणाले. "मी कुनाला फसवून गाडी देनार नाय."

ऑफिसात परत आलो. पेडणेकर दारातच उभे होते. "काही प्रॉब्लेम नाही ना हो, कदम?"

खरं सांगितलं असतं तर पेडणेकर तिथल्या तिथे मागे फिरले असते, आणि त्यांच्याशिवाय गाडी आम्हाला झेपणार नव्हती. आणि मला तर आमच्या सोसायटीच्या गेटमधून पडदेवाली एसी गाडी आत शिरताना दिसायला लागली होती, दुसऱ्या मजल्यावरचे शेजारी गॅलरीत उभे, सगळं! म्हणून मी म्हणालो, "एकदम मक्खन! एक रुपयाचं काम नाही."

चौथी गोष्ट तर मी वाटेतच सोडून दिली होती. खांदेश्वर ते जासई कुठला आलाय घाट?

*

पहिल्याच सकाळी सोसायटीच्या गेटासमोर, चष्मा घरी राहिला म्हणून परत उतरायला, पेडणेकरांनी आतून सरकतं दार उघडलं आणि डबा सांभाळत पाय खाली टाकला. मागून सायकलवर दूधवाला येत होता. तो, त्याचे दोन्ही कॅन आणि पेडणेकरांचा डबा, सगळं एकदम रस्त्यावर! कुणाला लागलं नाही, एवढं नशीब.

दूधवाला उठला, लेंगा झटकला, गाडीकडे एकदा पुढून आणि एकदा मागून बघितलं आणि म्हणाला, "साहेब, घर तिकडं, दुकानं तिकडं, आणि दार रस्त्याला? गाडी इस्त्रीला उलटी दिली होती काय?"

त्या दिवशी सोसायटीत निम्म्या घरांत कोरा चहा झाला. संध्याकाळी जाधवने नियम काढला: पुढे उजवीकडे बसेल त्याने आधी उतरायचं, मागे बघायचं, मगच दार. सगळ्यांनी त्याच्या डोक्याचं कौतुक केलं. मीही केलं! "काय डोकं आहे राव!" असं म्हणालोसुद्धा. त्या नियमाचं श्रेय जाधव आजही घेतो.

*

डाव्या स्टिअरिंगची दुसरी भानगड म्हणजे ओव्हरटेक. ड्रायव्हरला पुढचं काही दिसत नाही. उजवीकडच्याने डोकं बाहेर काढून "जा" किंवा "थांब" सांगायचं. लायसन जाधवकडे, म्हणून गाडी तो चालवायचा. वयाचा मान म्हणून पुढची उजवी सीट पेडणेकरांना.

पेडणेकरांनी आयुष्यात कुणाला "जा" म्हटलेलं नाही. पाव किलोमीटरवर बैलगाडी दिसली तरी "थांबा हो, थांबा!" एक दिवस गव्हाण फाट्यापासून आम्ही एका ट्रेलरच्या मागे लागलो ते लागलोच. जाधव विचारायचा, "जाऊ?" पेडणेकर म्हणायचे, "नको." शेवटी ट्रेलर डावीकडे वळला, धुळीत आम्हीही त्याच्यामागे वळलो, आणि थेट कंटेनर यार्डाच्या गेटातून आत!

वॉचमनने वही पुढे केली. "कंटेनर नंबर?"

जाधव थंडपणे म्हणाला, "नंबर न्हाई. आमी चौघंच माल हाय, घ्या उतरवून."

दुसऱ्या दिवसापासून ओव्हरटेकपुरत्या शीलाताई मागच्या सीटवरून डोकं बाहेर काढायला लागल्या. त्या "जा" म्हणायच्या तेव्हा समोरचा ट्रकच बाजूला व्हायचा.

*

दसऱ्याला गाडीची पूजा करायची ठरली. हळदकुंकू लावायला बॉनेट सापडेना! नावड्याच्या मेकॅनिकला बोलावलं. तो पुढून फिरला, मागून फिरला, खाली वाकला आणि म्हणाला, "इंजिन घरी ठेवून आलात काय?" मला तेव्हाच आठवलं, चाचांनी दाखवलं होतं. इंजिन पुढच्या सीटखाली! पण तज्ज्ञ मी, त्यामुळे मी "शोध, शोध, तूच शोध" असं म्हणत हाताची घडी घालून उभा राहिलो. मेकॅनिकला अर्धा तास लागला. सीट उचलली आणि पूजा सीटवर झाली.

ड्रायव्हरच्या समोरच्या, ऊन अडवायच्या झडपेवर अरबी अक्षरांत काहीतरी चिकटवलेलं होतं. पेडणेकर रोज गाडीत बसताना त्यालाही हात जोडायचे. "कुठल्या का देवाचं असेना," म्हणायचे, "रस्त्यावर सगळेच लागतात."

*

आता हा किस्सा सांगताना सगळे लोळतात. मला मात्र अंगावर काटा येतो.

पेडणेकरांना बसायला त्रास व्हायला लागला. ऑफिसात पोचले की उभ्यानेच काम करायचे. कुणाला सांगायचीही चोरी! शेवटी जाधवच्या कानात म्हणाले, "बहुतेक मूळव्याध आहे हो. बुडाखाली निखारे ठेवल्यासारखं होतं." वैद्यांकडे गेले. वैद्यांनी तिखट, मासे, सगळं बंद केलं. ज्या माणसाला सुकटीशिवाय घास उतरत नव्हता तो पंधरा दिवस मुगाची खिचडी आणि ताक घेऊन बसला.

मी समोरच बसायचो. रोज त्यांच्या डब्यात ती पिवळी खिचडी बघायचो.

सोळाव्या दिवशी जासईच्या अलीकडे सीटखालून वाफेचा लोट उठला आणि पेडणेकर चालत्या गाडीत उभे राहिले. रेडिएटरमध्ये पाण्याचा थेंब नव्हता. टेम्परेचरचा काटा मात्र मधोमध, शहाण्यासारखा!

"मूळव्याध गेली तुमची, पेडणेकर!" जाधव ओरडला. मग काट्याकडे बघत म्हणाला, "त्या म्हाताऱ्याला ठाऊक असणार. बोलला न्हाई लेकाचा."

सगळे माझ्याकडे बघत होते. मी म्हणालो, "ना! मला कुठे काय बोलला?"

त्या क्षणी मला कळलं होतं की मी आता फक्त लपवत नाही, दुसऱ्यावर ढकलतोय. कळूनही मी डबा उचलून पाणी शोधायला निघालो.

*

तिसऱ्या गोष्टीला हसायला येत नाही. म्हणून आमच्या पंगतीत हा किस्सा कुणी काढत नाही.

शीलाताई मांडीवर एका पार्टीची फाइल घेऊन बसल्या होत्या. साहेबांनी विश्वासाने त्यांच्याकडे दिलेली. मिठागरांच्या रस्त्यावर जाधवने गिअर टाकला, गाडीने झटका घेतला आणि दार भसकन मागे सरकलं. शीलाताईंनी सीट धरली म्हणून त्या राहिल्या. फाइल गेली. कागद वाऱ्यावर उडून मिठागराच्या पाण्यात उतरले. जाधव पँट गुडघ्यापर्यंत वर करून चिखलात शिरला, मीही शिरलो. सगळे मिळाले, दोन सोडून.

साहेबांनी शीलाताईंना मेमो दिला. बारा वर्षांत पहिला. त्या टाइपरायटरवर डोकं टेकून रडल्या. म्हणाल्या, "माजी काय चूक हाय यात? त्या मानसाला सांगाला काय झालं व्हतं?"

टपरीवर जाधवने चाचांचं नाव ठेवलं, 'चारसोबीस चाचा'. आठ दिवसांत ते नाव बंदरभर झालं. गावातल्या लोकांची जुनी वाहनं विकून द्यायचं बारीकसं काम चाचा करायला लागले होते. लोक त्यांच्याकडे जायचे बंद झाले. ते नाव मी स्वतः ठेवलं नाही. पण चारचौघांत घेतलं, दोनदा. एकदा तर टाळीसुद्धा घेतली.

*

आणि शेवटचा.

जाधवने रजा टाकली. बायको, दोन मुलं, आई, सगळ्यांना व्हॅनमध्ये घालून साताऱ्याला गावच्या जत्रेला निघायचं, चार दिवसांनी पहाटे. म्हणजे जाताना खंबाटकी घाट उतरायचा, येताना खंडाळा.

तीन दिवस मला झोप नव्हती. मी त्याला म्हणायचो, "ब्रेक बघून घे हां." तो म्हणायचा, "बघितलं, कडक हायत." मी म्हणायचो, "एसटीने गेलास तर? मुलांना मजा येते." तो म्हणायचा, "का रं, गाडी तुज्या एकट्याची हाय का?" याच्यापुढे एक वाक्य बोलायचं होतं आणि ते बोललं की लगेच प्रश्न येणार होता, तुला कुणी सांगितलं?

निघायच्या आदल्या दुपारी यासीनचाचा ऑफिसात आले. पुतण्याचे कागद करायचे होते. दारात चपला काढल्या, सगळ्यांना सलाम केला आणि माझ्याकडे बघून विचारलं, "काय कदमसाहेब, गाडी बरी चालते ना?"

जाधव उठलाच. "बरी? चाचा, दूध सांडलं, हे पेडणेकर उकडून निघाले, या बाईला मेमो मिळाला. एक गोष्ट तरी सांगायची व्हती! गाडी इकली का आमाला खड्ड्यात घातलं?"

चाचा माझ्याकडे बघत होते. रागाने नाही. शाळेत गुरुजी उत्तराची वाट बघतात तसे. मी स्टेपलरमध्ये पिना भरत होतो. तो आधीच भरलेला होता.

मग चाचा म्हणाले, "विसरलो असंन. माजी चूक. आता सांगतो." आणि खुर्चीवर बसले. शीलाताईंनी, जिवावर आल्यासारखा का होईना, चहा पुढे केला.

चाचांनी एक बोट उघडलं आणि दाराचं सांगितलं. दुसरं उघडलं, काट्याचं सांगितलं. तिसरं उघडलं, दोरीचं. त्यांच्या अंगणातल्या त्या दिवसासारखंच, तेच शब्द, तोच क्रम. जाताजाता त्या अरबी अक्षरांचंही सांगितलं, टायरमध्ये हवा किती भरायची ते लिहिलंय म्हणून. पेडणेकर ओशाळून हसले.

मग त्यांनी चौथं बोट उघडलं आणि थांबले.

"चौथी काय ती..." ते म्हणाले. कपाळाला हात लावला. "वय झाला. आठवत नाय."

"ऱ्हाऊ द्या," जाधव म्हणाला. "तीन कळल्या ते काय कमी हाय?" त्याने टेबलावरची किल्ली उचलली. "मी निगतो. सामान भरायचंय, पोरं वाट बघत्यात."

चाचा बशीत चहा ओतत होते. माझ्याकडे बघतही नव्हते. चौथं बोट मात्र तसंच उघडं होतं.

जाधव दारापाशी पोचला.

"घाट उतरताना दुसऱ्या गिअरच्या वर जायचं नाही," मी म्हणालो. "ब्रेकवर सोडली तर पेडल खाली बसतं. महाबळेश्वर उतरताना त्यांचं दोनदा बसलं होतं."

जाधव दारातच वळला. शीलाताईंचा हात टाइपरायटरवर तसाच राहिला. पेडणेकरांनी जेवायला उघडलेल्या डब्याचं झाकण परत लावलं.

"हां," चाचा म्हणाले, "तीच." आणि बोट मिटून घेतलं.