फोनशी बोलणारा माणूस

अन्याय माझ्या मावसबहिणीवर झाला, आठवीतल्या दीपालीवर, या सोमवारी मधल्या सुट्टीत. शाळेत ठोकळ्यांच्या गेममध्ये आपलं गाव बांधायची स्पर्धा आहे. गेम कॉम्प्युटरवरचाच हवा. ‘घरी कॉम्प्युटर नसेल त्यांनी नाव देऊ नये,’ बाई म्हणाल्या. दीपालीचे आईबाप ऊसतोडीला गेलेत, ती माझ्याकडे राहते. आमच्याकडे एक फोन आहे, तोही तडकलेला.

मी तिला भिंगारच्या बाजारातल्या मोबाईलवाल्याकडे नेलं. हा माणूस गिऱ्हाइकाकडे बघतच नाही, फोनशीच बोलतो. ‘लई तापलास व्हय रं? थांब, वारा घे.’ त्याने फोनवर एक ॲप टाकलं आणि त्यातून कॉम्प्युटरचा गेम चक्क उघडला. दीपालीने टाळी वाजवली. तेवढ्यात त्याने सगळं पुसून टाकलं!

‘अहो काका, हे काय केलंत?’ मी भडकले.

‘मी टाकला तर माझा,’ तो फोनलाच म्हणाला. ‘पोरगी टाकंल तर तिचा.’

दीपाली बसली. गेम तीनदा बंद पडला. तो हात मागे बांधून उभा. ‘मेमरी कमी पडतीय त्याला, वाढवून दे की.’ दीपालीने ॲपच्या सेटिंगमध्ये मेमरी वाढवली आणि चौथ्यांदा गेममधली हिरवी जमीन उघडली.

काल दीपालीने वर्गातल्या चौघींच्या फोनवर गेम टाकून दिला. स्पर्धेसाठी दिलेला पाचजणींच्या नावांचा कागद बाईंनी ठेवून घेतलाय, ‘हेडसरांना विचारते’ म्हणाल्या.

पालकांनो, शुक्रवारी शाळेत पालकसभा आहे. या, आणि ती कॉम्प्युटरची अट हेडसरांकडून खोडून घ्या.