नरभक्षकांची पोथी

मला नरभक्षकांचे सिनेमे आवडतात. पन्नाशी उलटलेल्या, श्रावणात कांदा-लसूणही न खाणाऱ्या माणसाने हे कबूल करावं का, या विचारात बरीच वर्षं गेली. आता लिहून टाकतो.

आणि ते हिंदीतच हवेत. एकदा मूळ इंग्रजीत पाहायला घेतला, मजाच येईना. हिंदीत कसं, जंगलात वाट चुकलेली गोरी पोरं आपल्या नागपुरात बर्डीच्या बाजारात भेटल्यासारखी बोलतात, ‘अबे, टायर किसने फाड़ा?’ नरभक्षकांचा सरदार पौराणिक मालिकेतल्या राजासारखा गरजतो, ‘कुलदेवी को भोग चढ़ाओ!’ हिंदी ऐकत वाढलेल्या आपल्यासारख्यांना हा राक्षस लहानपणापासून ओळखीचा. फक्त इथे राम वेळेवर येत नाही.

माझं ऑफिस रामदासपेठेत, घर जवळच. दुपारी जेवायला येतो तेव्हा बायको शाळेत शिकवत असते. ताटासमोर टीव्ही लावायचा, जेवण होईतो पाहायचं, उरलेलं उद्या.

मागच्या श्रावणात सरदार असाच भोगासाठी गरजत होता आणि आई आतल्या खोलीतून आली. तिचं मोतीबिंदूचं ऑपरेशन व्हायचं होतं. टीव्ही म्हणजे तिला नुसती रंगांची हालचाल.

“पोथी लागली का गा?”

मी घास गिळला. “हो.”

ती परत आत गेली. सुटलो म्हणतो तोच अक्षता घेऊन आली. श्रावणातली कथा मुठीत अक्षता धरून ऐकायची, संपली की देवापुढे वाहायच्या, हा तिचा नेम. मूठ मिटून शेजारी बसली. तिकडे एकाचा पाय कापत होते.

दुसऱ्या दिवशीही बसली. तिसऱ्याही. वडील गेल्यापासून आई कामापुरतंच बोलायची. आता मला उशीर झाला की दारातच विचारायची, “काहून उशीर? अध्याय राहून जाईन ना.” खरं सांगितलं तर ती पुन्हा आतल्या खोलीत जाऊन गप्प होईल. नाही सांगितलं तर त्या अक्षता देवापुढे जाणार, त्याचं पाप माझ्या माथी. मी मान खाली घालून वरण-भात खायचो.

मग रामटेकहून बहिणीचा फोन आला. “आई म्हणे तू तिले रोज पोथी ऐकवून राहिला. दादा, मले तं खरंच वाटत नाही गा! उद्या येते. मीबी बसते ऐकाले.”

त्या दुपारी मी टीव्ही लगेच लावला नाही. आई मूठ मिटून तयार बसलेली.

“आई, ती पोथी नाही. माणसं खाणाऱ्यांचा सिनेमा आहे.”

“मले दिसत नाही बापा, ऐकू येते. पोथीत कोणी ‘अबे’ म्हणते काय?”

“मग ह्या अक्षता?”

“ते सिनेमातली पोरगी कधीची एकटी पळून राहिली. तिच्या मायले का मालूम, कुठं हाय. म्हटलं, आपण तरी काही धरून बसावं. आन् तू भेते. घास तोंडातच धरून बसते. पाहाचं कायले मंग?”

“उद्या रामटेकहून ती आली की काय सांगू?”

“सांगजो, पोथी संपली. म्हणून आजच संपव. लाव.”

लावला. धावाधाव झाली, किंचाळ्या झाल्या, आई पुटपुटत राहिली. शेवटी मुलगी कशीबशी डांबरी रस्त्यावर आली. समोरून एक ट्रक येऊन थांबला. एवढे सिनेमे पाहिल्यावर मला ठाऊक होतं, ट्रकवाला त्यांच्यातलाच निघणार.

मी टीव्ही बंद केला.

“वाचली?” आईने विचारलं.

“वाचली.”

ती गुडघ्यावर हात टेकून उठली आणि अक्षता वाहायला देवाकडे गेली.