जागेचं काम

नावावर वीतभर जमीन नसताना जागेविषयी माझ्या मावसभावाइतकं बोलणारा माणूस अख्ख्या बेळगावात सापडायचा नाही. अण्णा चित्रकार. त्याच्या चित्रात झाड, घर, माणूस असलं काही नसतं. एक करडा पट्टा असतो आणि भोवती भरपूर पांढरं. "पांढरंच बघायचं असतंय रं, पट्टा नुसता सोबतीला," असं तो मला समजावतो आणि मी समजल्यासारखी मान हलवतो. पंगतीत हा दोन पानांमधली जागा निरखत बसतो, तेवढ्यात जिलेबीवाला पुढे निघून जातो. आमच्याकडे चहाला आला की आधी सोफा सरकवतो. मागच्या खेपेला त्यानं तो असा सरकवला की चार दिवस कपाट उघडेना. पण अण्णा खूश! "आता कशी खोली दिसायलीय!"

काय करता, असं कुणी विचारलं तर तो सांगतो, "जागेचं काम करतो." आमच्याकडे जागेचं काम म्हणजे प्लॉटचं. कंग्राळीचे एक पाहुणे मोठ्या आशेनं आले, "अण्णा, चार गुंठं बघा की कुठंतरी." अण्णा गंभीरपणे म्हणाला, "जागा कुठं सुरू होत्या आणि कुठं संपत्या, तेच अजून मला कळलं न्हाय." पाहुणे हळहळले, "म्हंजे मोजणी ऱ्हायलीय म्हणा की."

मावशीला मात्र हे थेर पटत नसत. "एवढ्या रंगात दारं-खिडक्या झाल्या असत्या," ती म्हणायची. त्याचं एकही प्रदर्शन तिनं पाहिलं नव्हतं. काका गेल्यावर घरातला साड्या विणायचा माग विकला, तेव्हा मागाची खोली अण्णानं मागून घेतली. "गाव हसू दे रं," तो मला म्हणाला, "आईनं एकदा येऊन बघितलं म्हंजे झालं."

त्यानं खोलीत छतापासून जमिनीपर्यंत पांढरे दोरे ताणले, मधोमध मागाएवढा भाग मोकळा सोडला आणि दारावर प्रदर्शनाचं नाव लिहिलं: 'रिकामी जागा'. सकाळपासून सात जण आले. सातही जणांनी भाडं विचारलं. एकानं तर नळाला पाणी किती वेळ येतं तेही विचारून घेतलं. अण्णानं प्रत्येकाला प्रेमानं आत फिरवलं. सगळे मोकळ्या भागातून सरळ चालत गेले आणि खोली बरी आहे म्हणाले.

संध्याकाळी मावशी आली. दारात थांबली, पदर कमरेला खोचला आणि भिंतीकडेनं अंग चोरून, मोकळ्या भागाला वळसा घालून, माग होता तेव्हा पलीकडे सुताच्या कांड्या भरायला बसायची तिथं जाऊन उभी राहिली.

"मावशी, मधनं या की," मी म्हणालो, "काही नाही तिथं."

"न्हाय कसं?" मावशी म्हणाली. "पदर अडकतोय रं."

अण्णाही भिंतीकडेनं, अंग चोरून, तिच्या शेजारी जाऊन उभा राहिला.