तीन नावांचं अंतर

अकोल्याच्या एसटी स्टँडवरून मंगरूळपीरची गाडी माझ्या डोळ्यांदेखत सुटली. मी तेव्हा चहा पीत होते, आणि अर्धा चहा टाकून पळणं हे आमच्या घराण्यात कुणाला जमलेलं नाही. पुढच्या गाडीचा कंडक्टर म्हणाला, "बसा, मालेगावात उतरजा. तिथून पुढं लई गाड्या भेटतात." मी साताऱ्याची बाई. मालेगाव म्हटल्यावर माझ्या डोळ्यांपुढे नाशिककडचंच आलं. "इकडं कुठलं मालेगाव?" असं विचारल्यावर तो म्हणाला, "जहांगीर," आणि तिकीट फाडून मोकळा झाला.

बत्तीस वर्षं मी शाळेत भूगोल शिकवला. वीज कशी पडते याची आकृती फळ्यावर कितीदा काढली असेल, देव जाणे. आणि खरी वीज कडाडली की पंखा बंद करून, पाय वर घेऊन पलंगावर बसते. ही माझी लायकी. माझी जुनी विद्यार्थिनी मनीषा हल्ली वाशीम जिल्ह्यात गावोगाव फिरते. वीज, गारपीट, उन्हाचा तडाखा यांना तोंड कसं द्यायचं, ते लोकांना शिकवते. तिचा फोन आला होता, "बाई, एकदा येऊन बघाच. आम्ही शिकवलं एक आणि बायकांनी केलं भलतंच." एवढ्यावर मी निघाले होते.

ऑक्टोबरचे पहिले दिवस होते. मालेगाव सोडल्यावर रस्त्याच्या दोन्ही अंगांना सोयाबीन पिवळं पडून सोंगणीला (कापणीला) आलेलं, मधल्या ओळींत तूर हिरवीगार उभी. जमीन अशी काळी की पाय ठेवायला संकोच वाटावा. आमच्याकडे नजर जाईल तिकडे डोंगर आडवा येतो. इथे आभाळाला आडकाठीच नाही, ते चारी बाजूंनी पार जमिनीपर्यंत उतरलेलं. मी खिडकीला नाक लावून पाहत बसले आणि शेजारच्या आजोबांनी दोनदा विचारलं, "काय हरवलं काय, बाई?"

आसेगावात मनीषा मोटारसायकल घेऊन उभी होती. तिच्या मागे बसून, कंबरेची हाडं मोजत, मी तिनं सांगितलेल्या वस्तीवर पोचले. उतरायचं होतं सुनंदाच्या घरी. सुनंदा पस्तिशीची, बोलायला थोडी, चालायला भरभर. सोंगणीच्या बायांची टोळी तिच्या हाताखाली चालते. घरात ती आणि तिचे सासरे, किसन आबाजी. सात वर्षांपूर्वी, अशाच सोंगणीच्या दिवसांत, वादळ आलं म्हणून तिचा नवरा प्रल्हाद गंजीवर (कापलेल्या सोयाबीनच्या ढिगावर) ताडपत्री टाकायला धावला आणि वीज पडली. ताडपत्रीचं दुसरं टोक आबाजींच्या हातात होतं. हे मनीषानं मला बाहेरच, हळू आवाजात सांगून ठेवलं, कारण त्या घरात प्रल्हादचं नाव कुणी काढत नाही.

जेवायला ज्वारीची भाकर, तुरीच्या डाळीचं घट्ट वरण आणि भुरका (तेलात परतलेलं लाल तिखट). भुरक्याच्या पहिल्याच घासाला माझ्या डोळ्यांतून पाणी आलं. आबाजींनी माझ्याकडे गुळाचा खडा सरकवला. मग म्हणाले, "ह्या पोरी सांगतात, ढग गरजला का वावर (शेत) सोडून पळा. वर्षभर राबून काढलेलं भिजू देऊ काय? ईज काय सांगून येते?" सुनंदा भाकर थापत होती. ती म्हणाली, "सांगूनच येते, मामाजी. आपन आयकत नाई."

सकाळी आबाजींच्या वावराकडे जाताना मनीषानं मला ते 'भलतंच' समजावलं. तिनं बायकांना शिकवलं होतं, की वीज चमकल्यापासून मोजायला लागा. तीस व्हायच्या आत गडगडाट ऐकू आला तर हातातलं टाकून पक्क्या छताखाली जा. सोपं आहे. पण भ्यालेल्या माणसाचे आकडे पळतात. कुणी एका दमात तीस म्हणे, कुणी बारानंतर थेट वीस. तेव्हा टोळीतली एक म्हातारी म्हणाली, "आकडे भेतात बाई, नाव भेत नाई." नाव म्हणजे उखाणा. नवऱ्याचं नाव घ्यायचं तर बाई लाजणार, पदर सावरणार, यमक जुळवणार; घाई कशी करील? मनीषानं घड्याळ लावून पाहिलं. सावकाश घेतलेलं एक नाव बरोबर दहा सेकंदांचं. तीन बायांची तीन नावं, की झाले तीस.

मी धुऱ्यावर (बांधावर) थांबलेच. आवाजाचा वेग आणि प्रकाशाचा वेग यांवर मी पोरांकडून पानंच्या पानं लिहून घेतली होती, आणि इथे तोच धडा बायांनी नवऱ्यांच्या नावांत बसवून टाकला होता. मला खरंच हात जोडावेसे वाटले.

सुनंदा स्वतः नाव घेत नाही. विधवेनं नाव घ्यायचं नसतं, हे तिला वेगळं सांगावं लागलं नव्हतं. ती गळ्यात शिट्टी अडकवून उभी राहते आणि ऐकते. नियम तिनंच मला सांगितला, "ढग दिसला का गंजीवर ताडपत्री. तीन नावाच्या आत आवाज आला का खोली." खोली म्हणजे वावराच्या टोकाला पडून असलेली जुन्या शाळेची स्लॅबची खोली. गावानं ती झाडून, दार बसवून, छतावर वीज जमिनीत उतरवणारी तांब्याची पट्टी लावून घेतली आहे. आत पाण्याचा माठ असतो.

मीही विळा मागून घेतला. पंधरा मिनिटांत बोट कापलं, सोयाबीनच्या शेंगांनी हात ओरबाडले, आणि माझ्या मागे राहिलेली रोपं एक बाई गुपचूप कापत होती हे माझ्या उशिरा लक्षात आलं. ऊन तर असं, की डोक्यावरचा पदर तापून कपाळाला चटका बसावा.

दुपार कलताना पश्चिमेला ढग दिसला. लगेच शिट्टी वाजली. बायांनी गंजी ताडपत्रीनं झाकली, कडेला दगड ठेवले आणि पुन्हा विळे हातात घेतले. थोड्या वेळानं क्षितिजावर वीज हलली, आणि पुढची बाई मान खाली घालून, कापता कापताच म्हणाली, "चुलीवरच्या तव्यावर टाकली ज्वारीची भाकर, सुभाषराव म्हनतात, चहात टाक साखर." दुसरी म्हणाली, "कारंज्याच्या बाजारातून आनली हिरवी साडी, विलासराव मांगं बसते, मी चालवतो गाडी." (वऱ्हाडात बायाही 'चालवतो', 'करतो' म्हणतात, आणि 'माझा'ला 'माहा'.) मग सगळ्या माझ्याकडे पाहायला लागल्या. माझी पाळी. मी गडबडले आणि म्हणाले, "चहात घातलं आलं, शरदरावांचं भलं झालं."

"हे काय नाव झालं, बाई?" सुभाषरावांची बायको म्हणाली. "तुमी तं ढग दोन कोस जवळ आनला." सगळं वावर हसलं. आवाज आला तो त्या हसण्यानंतर, फार लांबून.

पण तो ढग हसण्यावारी नेण्यासारखा नव्हता. पश्चिमेचं अर्धं आभाळ तोवर निळंकाळं झालं होतं, आणि त्याच्या खाली पिवळं सोयाबीन आतून पेटल्यासारखं दिसत होतं. ढग वरवर चढत होता. त्याच्या पोटात वीज फिरत होती, आणि मी जन्मात इतकं मोठं काही पाहिलं नव्हतं. भीती होतीच, पण नजर काढवत नव्हती. पुन्हा चमकलं. भाकर झाली, साडी झाली, मी ठरवून लांबलचक नाव सुरू केलं आणि शरदराव यायच्या आत गडगडाट आला.

सुनंदानं शिट्टी मारली. विळे जिथल्या तिथे पडले. कुणी किंचाळलं नाही, कुणी मागे वळलं नाही. तीसेक बाया ओळीनं, झपाझप चालत खोलीत गेल्या. दारात सुनंदा एकेकीच्या खांद्याला हात लावून मोजत होती. शेवटी, गंजीपाशी काम करत असलेले आबाजी आत आले.

वाऱ्याचा पहिला मोठा झोत आला आणि खिडकीतून दिसलं, की गंजीवरच्या ताडपत्रीचं एक टोक सुटून फडफडतंय. आबाजींनी ते पाहिलं. "आलोच," म्हणाले आणि कुणाला काही कळायच्या आत बाहेर पडले. सत्तरीचा माणूस तरण्यासारखा पळत गेला आणि गंजीवर चढला. त्या सपाट काळ्या वावरात झाड नव्हतं, खांब नव्हता. सगळ्यांत उंच तेवढा तोच.

"मामाजी, या वापस," सुनंदानं दारातून हाक मारली. त्यांनी न पाहताच हात हलवला. ती पायरी उतरली, तशी मनीषानं तिचा दंड धरला. एकाला आणायला दुसऱ्यानं जायचं नाही, हा नियमही सुनंदानंच केलेला होता. सात वर्षांपूर्वी जे झालं, ते पुन्हा तसंच्या तसं आमच्या डोळ्यांसमोर मांडलेलं होतं.

लख्ख चमकलं. खोलीतली एकही बाई नाव घेईना. कुणाला सुचतच नव्हतं. आणि सुनंदानं चौकटीला हात लावला, मान वर केली आणि सगळ्या वावराला ऐकू जाईल अशा आवाजात, एकेक शब्द सुटा करून म्हणाली,

"काळ्या वावरात फुटला पांढरा कापूस..."

आबाजींचा हात थांबला. वारा आमच्याकडून त्यांच्याकडे वाहत होता.

"...प्रल्हादराव माहा, लाखातला मानूस."

त्यांनी वळून पाहिलं. ताडपत्रीचं टोक त्यांच्या मुठीत होतं, ते त्यांनी सोडून दिलं. ताडपत्री उडून तुरीत जाऊन पडली. ते गंजीवरून घसरत उतरले, आधी चालत, मग धावत आले आणि सुनंदानं त्यांना हाताला धरून आत ओढलं. मधे गडगडाट झाला होता का? मनीषा म्हणते, पहिल्या ओळीनंतर लगेचच झाला. मी, भूगोलाची बाई, मोजायचं विसरले होते.

मग पाऊस कोसळला. शेवटच्या गडगडाटानंतर घड्याळात अर्धा तास पुरा होईपर्यंत आम्ही तिथेच बसलो. वीज कुठे पडली, पडली की नाही, कुणालाच कळलं नाही. गंजी भिजत होती आणि तिच्याकडे आबाजी एकदाही पाहत नव्हते. भिंतीला टेकून, ओलेचिंब, ते म्हणाले, "लग्नात घेतलं होतं तिनं हेच नाव." सुनंदानं आपल्या खांद्यावरचा दुपट्टा त्यांना दिला. "डोकं पुसा, मामाजी," म्हणाली. खोलीतल्या निम्म्या बाया रडत होत्या, आणि मी त्यांच्यात होते.

दुसऱ्या दिवशी कडक ऊन पडलं. सगळ्या टोळीनं स्वतःची कामं सोडून ती गंजी उकलली आणि वावरभर वाळत घातली. वरचं बरंचसं गेलं, खालचं वाचलं. मला आसेगावच्या गाडीत बसवून द्यायला आबाजी स्वतः आले, आणि मनीषाच्या नकळत माझ्या पिशवीत एक मोठी गुळाची ढेप टाकून गेले.

साताऱ्यात येऊन आता तीन आठवडे झाले. इथे मी लोकांना सांगायला जाते, आणि ते विचारतात, मग वीज पडली कुठे? कुणावर पडली नाही म्हटलं, की त्यांचा चेहरा उतरतो. कुणाला काही झालं नाही, एवढ्यासाठी केवढं करावं लागतं, हे मलाही तिथे जाईपर्यंत कुठे ठाऊक होतं. परवा मनीषाचा फोन आला. टोळीत आता तिसरं नाव सुनंदा घेते. शिट्टी आबाजींच्या गळ्यात आहे. ढग आला की ते धुऱ्यावर उभे राहतात आणि डोळे मिटून ऐकतात. "पोराचं नाव पुरं आयकू आलं," असं म्हणतात, "म्हंजे ढग अजून दूर हाय."