गुणपत्रिकेवरची फुंकर

शाळांच्या नृत्यस्पर्धेला माझे एक सहपरीक्षक दरवर्षी माझ्या शेजारच्या खुर्चीत बसत. गुण आधी पेन्सिलीने लिहीत. मुलांच्या कॅसेटची सैल झालेली टेपही त्याच पेन्सिलीने गुंडाळून देत, त्यामुळे मुलांचे ते लाडके होते.

"पेन नंतर, बाई. पोरांचं नशीब घाईत लिहू नये."

मग संयोजकांबरोबर चहा पिऊन येत, एखाददुसरा आकडा रबराने खोडून बदलत, कागदावर हळूच फुंकर मारत आणि सगळं पेनाने गिरवत. मी पाहिलं की हसत. "नजर चुकते हो कधी कधी."

एका वर्षी हरसूलच्या एका मुलीचा पहिला नंबर अर्ध्या गुणाने हुकला. तिच्या वडिलांनी निकालाविरुद्ध नाशिकच्या कोर्टात दावा लावला. आम्हा दोघांनाही साक्षीला बोलावलं.

आधी मी गेले. वकिलांनी माझ्या सहपरीक्षकांची गुणपत्रिका पुढे धरली. "यात कुठे खाडाखोड दिसते?"

"नाही," मी म्हणाले. दिसत नव्हतीच.

मग ते पिंजऱ्यात उभे राहिले. सही ओळखण्यासाठी तोच कागद त्यांच्या हातात दिला. त्यांनी चष्मा लावला, कागद जवळ घेतला आणि वाचण्याआधी त्यावर हळूच फुंकर मारली.

कोर्टात कोणालाच त्यात काही वावगं वाटलं नाही. मला वाटलं, पण माझी साक्ष होऊन गेली होती आणि मी बसूनच राहिले.