किल्ल्याची मालकीण

कुणालाही मोठेपण मिळालं की आमच्या इतिहासाच्या बाई एकच प्रश्न विचारायच्या, "मुकुट कुणी ठेवला?" वर्गाला नवा मॉनिटर मिळाला, मुकुट कुणी ठेवला? गल्लीतल्या मंडळाला नवा अध्यक्ष मिळाला, मुकुट कुणी ठेवला? त्यांचे यजमान रोह्याला एका कंपनीत होते. सुपरवायझर झाल्याचे पेढे घेऊन ते घरी आले, तर बाईंनी पेढा हातात धरून आधी हाच प्रश्न विचारला आणि उत्तर मिळाल्यावरच तो तोंडात टाकला. हे यजमानच सांगायचे, आणि सांगताना त्यांना अजून थोडा राग यायचा.

बाई राहायला रोह्यात आणि शिकवायला पेणमध्ये. मी कासूजवळच्या गावातला, त्यामुळे सकाळच्या गाडीला बाई आधीच खिडकीत बसलेल्या असायच्या आणि आमचा इतिहासाचा तास शाळेआधीच सुरू व्हायचा. पुस्तकात मध्ययुगीन युरोपातले राजे आणि पोप यांच्या भांडणाला जेमतेम दीड पान होतं. बाई ते दीड महिना शिकवत. मग पुढच्या धड्यांना वेळ उरत नसे आणि फ्रान्सचा बिचारा राजा एकाच तासात गादीवर बसून गिलोटिनखाली जात असे.

पण तो दीड महिना काय रंगायचा! "बिशप नेमायचा कुणी? राजा म्हणतो मी, पोप म्हणतो मी. नव्या बिशपला अंगठी आणि काठी कुणाच्या हातून द्यायची, एवढ्यावरून अख्खा युरोप पेटला," असं म्हणून बाई छत्री टेबलावर आपटायच्या. जर्मनीच्या राजाने, चौथ्या हेन्रीने, पोपला पदावरून उतरायला सांगितलं, तर त्या पोपने, सातव्या ग्रेगरीने, हेन्रीलाच धर्माबाहेर काढलं. "म्हणजे काय केलं?" पेण शहरातली मुलं गप्प. आमच्याकडची खेड्यातली पोरं एका सुरात ओरडायची, "वाळीत टाकला!" बाई खूश. "बघा, यांना कळलं. राजाला वाळीत टाकलं! आता त्याचा हुकूम कोण पाळणार?"

मग तो राजा भर थंडीत आल्प्स ओलांडून कनोसाच्या किल्ल्याशी आला. पोप आत, राजा बाहेर, अनवाणी, अंगात जाडंभरडं लोकरी कापड, तीन दिवस बर्फात उभा. हे सांगताना बाईंचा आवाज असा खाली जायचा की पेणच्या घामट हवेत आमच्या पायांना मुंग्या यायच्या.

एकदा मी विचारलं, "बाई, तुम्ही कुणाच्या बाजूच्या? राजाच्या की पोपच्या?"

"मी किल्ल्याच्या मालकिणीच्या बाजूची," बाई म्हणाल्या. "माटिल्डा तिचं नाव. दोघे पुरुष मान-अपमान करत बसले. त्यांना एका छताखाली आणायचं, समजूत घालायची आणि वर दोघांच्या माणसांना जेवायला घालायचं, हे सगळं तिच्या गळ्यात."

त्या वर्षीच्या स्नेहसंमेलनात बाईंनी कनोसाचं नाटक बसवलं आणि हेन्री मला केलं. कारण अभिनय नव्हे. उभं राहण्याची शिक्षा भोगण्याचा वर्गात सगळ्यात जास्त अनुभव मला होता. बर्फ म्हणून पेणचे पातळ पोहे पसरले होते. पडदा उघडला, मी मान खाली घालून उभा राहिलो, आणि पहिल्या रांगेपासून शेवटपर्यंत हशा पिकला. युरोपचा सम्राट पश्चात्तापाला निळ्या पट्ट्याची स्लीपर घालून आला होता. पडद्याआडून बाईंचा आवाज आला, "चपला काढ रे गाढवा!" मी घाबरून चपला काढल्या, आणि मग काय करावं न सुचून खाली वाकून मूठभर बर्फ खाल्ला. नाटक संपल्यावर बाई एवढंच म्हणाल्या, "बर्फ खाल्लास त्याचं काही नाही. मान मात्र छान खाली घालतोस. आयुष्यात उपयोग होईल."

पुढे मी मोठा झालो. म्हणजे वयाने. आणि गावाने मला सरपंच केलं. पहिल्याच महिन्यात मला वाटायला लागलं की गावातला पाऊससुद्धा माझ्या सहीने पडतो. अशात आमच्या ग्रामदेवतेच्या देवळातले म्हातारे गुरव वारले. त्यांच्या जागी त्यांचा पुतण्या यावा असं मला वाटत होतं. गावकीचे प्रमुख नाना, त्यांनाही तोच हवा होता. पुतण्यालाही गुरव व्हायचंच होतं. एवढं एकमत आमच्या गावात त्याआधी कधी झालं नव्हतं. भांडण राहिलं ते एवढंच, की देवळाची किल्ली त्याच्या हातात द्यायची कुणी? आजवर ती गावकीच्या प्रमुखाने द्यायची रीत होती. मी म्हटलं, लोकांनी निवडलेला मी आणि किल्ली देणार नाना? मी नवं कुलूप आणलं, देवळाला लावलं, फोटोग्राफर बोलावला आणि पंचायतीच्या कार्यालयात गुरवाला शाल, नारळ, किल्ली देऊन टाकली.

दुसऱ्या दिवशी माझ्या कुलपाच्या शेजारी नानांचं कुलूप लटकत होतं.

देव आत, गुरव बाहेर. तो बिचारा खिडकीच्या गजांतून लांबूनच फुलं फेकायचा. निम्मी देवावर पडायची, निम्मी उंदराच्या बिळात. चार दिवसांनी मला शौर्याचा झटका आला. पहाटे करवत घेऊन गेलो आणि घाम गाळून कुलूप कापलं. उजाडल्यावर पाहतो तर कापलेलं कुलूप माझंच. दोन्ही एकाच दुकानातली, काय करणार! नानांचं कुलूप शाबूत होतं, आणि वर हसत होतं.

नाना मात्र हसले नाहीत. संध्याकाळी गावकी बसली आणि मला वाळीत टाकलं. माझ्या घरी जायचं नाही, आमच्याशी बोलायचं नाही, कार्याला जायचं नाही. आणि कार्य तर तोंडावर आलं होतं. माझ्या बहिणीचं, सुमीचं लग्न पंधरवड्यावर होतं.

आमच्याकडे हळद म्हणजे लग्नापेक्षा मोठी. मोठी भांडी गावकीची, वाढायला पोरं गावची, रात्रभर हळदीची गाणी म्हणायला बाया गावच्या. आई चुलीपाशी बसून एवढंच म्हणाली, "सुमीची हळद काय मी एकटीनीच लावायची?" सुमी माझ्यासारखीच, तिखट. म्हणाली, "दादा, तू सरपंच हायस ना? मंग ठराव कर. समद्या गावानी लग्नाला यावा." आणि मग आत जाऊन रडली. ते मला भिंतीपलीकडून ऐकू आलं. त्या वेळी माझा मुकुट पार कानांपर्यंत खाली घसरला.

मी रोह्याला गेलो. बाई तेव्हा निवृत्त झाल्या होत्या. पडवीत झोपाळ्यावर तांदळाची गोण ठेवलेली होती, ती उचलून खाली ठेवली आणि बसलो. सगळं सांगितलं. करवतीचा भाग गाळला होता, पण बाईंनी विचारलं, "आणि कुलूप कुणाचं कापलंस?" मी म्हटलं, "माझं." बाईंनी पदर तोंडाला लावला आणि बराच वेळ त्यांचे खांदे हलत राहिले.

"बाई, वाळीत टाकण्याविरुद्ध आता कायदा आहे. तक्रार करू?"

"कर की. कायदा तुझ्या बाजूने आहे आणि गावकी चुकीची आहे, यात शंका नाही. पण मला सांग, पोलीस हळदीची गाणी म्हणतील?"

मी पायाने झोपाळा थांबवला.

"हेन्री बर्फात का उभा राहिला? हरला म्हणून?"

"हो."

"शून्य मार्क. ग्रेगरीला वाटत होतं हा फौज घेऊन येणार, म्हणून तो किल्ल्यात जाऊन बसला होता. फौज आली असती तर तो लढला असता. पण दारात अनवाणी माणूस आला. आता पोप काय करणार? माफीच मागायला आलेल्याला जो धर्मगुरू माफ करत नाही, तो धर्मगुरू कसला? हेन्रीने उभं राहूनच त्याला पेचात पकडलं." मग माझ्याकडे चष्म्यावरून बघत म्हणाल्या, "आणि तू माफी मागण्यासारखं केलं आहेस, बरं का. शाल, फोटोग्राफर! एका किल्लीसाठी! जा, भर दुपारी जा. आपल्याकडे बर्फ नाही, उन्हावर भागव. आणि चपला काढायला विसरू नकोस."

मे महिना होता. मी नानांच्या दारापुढच्या खळ्यात जाऊन उभा राहिलो. जमीन तव्यासारखी तापलेली. हेन्रीला थंडीने निदान पाय बधिर होण्याची सोय होती, मला तीही नव्हती. मी उजव्या पायावरून डाव्यावर, डाव्यावरून उजव्यावर असा नाचत होतो, पण मान खाली. कुंपणापलीकडे गाव जमलं होतं. वाळीत टाकलेल्याशी बोलायचं नाही, पण बघायला बंदी नव्हती. कुणी तरी म्हणालं, "सरपंच नाचतोय बघ गो!"

मला वाटलं होतं संध्याकाळ होईल. पण पाय भाजून फोड येणार, एवढ्यात दार उघडलं. नाना बाहेर आले. एका हातात ताकाचा तांब्या, दुसऱ्या हातात चपलांचा जोड.

"घाल पायांत," नाना म्हणाले. "उद्या गाव म्हनंल, नानानी पोराचं पाय भाजलं."

"नाना, चुकलो. किल्ली तुम्ही द्यायची होती."

"व्हय, चुकलास." मग तांब्या माझ्या हातात देऊन जरा वेळ उन्हाकडे बघत म्हणाले, "आनि आमी काय लय शाने नाय. पोरीच्या हळदीवर राग काढनारं गाव कसला? किल्ली मी देतो. नारळ तू दे. आनि तो फोटोवाला नको."

मी तांब्या एका दमात रिकामा केला आणि मगच चपला घातल्या.

हळदीच्या आदल्या दिवशी सकाळी आमच्या अंगणात मोठा खडखडाट झाला. गावची पोरं गावकीची भांडी फरफटत आणत होती. सुमी दारात उभी राहून त्यांच्यावर ओरडत होती, "अरे पोचं पाडशाल!" आणि तोंडभर हसत होती. हळदीच्या रात्री गाणी सुरू झाली तेव्हा पहिल्या रांगेत नानांची सून होती आणि दोन गाण्यांत तिने करवतही घातली.

लग्नानंतर लाडू घेऊन रोह्याला गेलो, छाती काढून. "बाई, जिंकलो!"

"कोण जिंकलं हा प्रश्न मी परीक्षेत कधी काढला नाही," बाई म्हणाल्या. "हेन्री पुढे खरंच फौज घेऊन गेला. पोप परागंदा होऊन मेला. मग हेन्रीला त्याच्याच पोराने गादीवरून खाली ओढलं. अंगठी-काठी पोपच्या माणसांनी द्यायची आणि राजदंड राजाने, एवढी साधी वाटणी सुचायला त्यांना जवळजवळ पन्नास वर्षं लागली, आणि वाटणी झाली ती हे दोघं मेल्यावर. तुमचं किल्ली-नारळावर एका तांब्यात भागलं. आता फौज घेऊन परत जाऊ नकोस म्हणजे झालं."

मी गेलो नाही. पुढची निवडणूक हरलो, आणि ती मतमोजणी नानांच्या शेजारी बसून, त्यांच्या डब्यातलं पान खात पाहिली.

गेल्या हिवाळ्यात बाई गेल्या. पेणच्या शाळेत शोकसभा होती. हॉल जुन्या विद्यार्थ्यांनी भरलेला. नानाही आले होते, माझा दंड धरून. फोटोला पहिला हार कुणी घालायचा यावरून व्यासपीठावर कुजबुज सुरू झाली. संस्थेचे अध्यक्ष म्हणत होते, मान माझा. मुख्याध्यापक म्हणत होते, शाळा माझी. हार दोघांच्या मध्ये ताणला गेला. मी मनात म्हणायला गेलो, पण मला मनात बोलता येत नाही हा माझा जुना दोष. "मुकुट कुणी ठेवला?" हे हॉलभर ऐकू गेलं.

मग मागून कुणी तरी फिसकन हसलं, आणि सगळा हॉल, टक्कल पडलेली, केस पिकलेली, नातवंडं झालेली माणसं, शोकसभेत पोट धरधरून हसायला लागली. बाईंचे यजमान तर डोळे पुसत होते; कशामुळे ते त्यांनाच माहीत. शेवटी तेच उठले आणि म्हणाले, "दोघं दोन टोकं धरा. ती असती तर हेच म्हणाली असती."

गलका चालू असताना नाना माझ्या कानाशी वाकले. "तुला एक सांगू? तू रोह्याला गेलास ना, त्याच दिवशी सकाळी मी तुझ्या बाईकडं तांदूळ द्याया गेलो व्हतो. दर वर्सी आमचाच तांदूळ जायचा तिच्याकडं. तुझ्या नावानी मोप बोटं मोडली. ती म्हनली, नाना, तो येईल तुमच्या दारात, अनवानी. ताक करून ठेवा. आनि चपला."

मला झोपाळ्यावरची गोण आठवली. मीच उचलून खाली ठेवली होती ती. आमच्याच गावच्या तांदळाची.

"मी म्हनलो, तो कशाला येतोय, लय माजलाय. तर हसली. म्हनली, येईल. त्याला तेवढंच येतं, मीच शिकवलंय. फकस्त लगेच दार उघडू नका, थोडा नाचू द्या."

समोर अध्यक्ष आणि मुख्याध्यापक हाराची दोन टोकं धरून फोटोपाशी उभे होते आणि मध्ये फोटोतल्या बाई दोघांकडे चष्म्यावरून बघत होत्या, आता यांच्या जेवणाचं काय करायचं, अशा चेहऱ्याने.

मग एकेकाने फूल वाहायची रांग लागली. माझा नंबर आला. मी मान खाली घालून व्यासपीठाची पायरी चढायला लागलो, तेवढ्यात मागून नानांचा आवाज आला, "चपला काढ रं गाढवा."